पाती चहाला, दांडा झिंग्यांना

जानेवारीत वर्ध्याला लोक सकाळी उन्हाला पाठ देऊन बसतात, तेव्हा मेलबर्नला ऊन टाळायला पडदे ओढून घेतात. आई पहिल्यांदा इथे आली ती नेमकी अशाच दिवसांत. पारा चाळिशीच्या पुढे गेलेला. गॅससमोर उभं राहून पोळ्या लाटायची कोणाचीच तयारी नव्हती. मी तिला म्हटलं, चल, फूट्सक्रेच्या बाजारात जाऊ, आज व्हिएतनामी जेवण करू. घरच्याच ओट्यावर, पण पंधरा मिनिटांत गॅस बंद.

फूट्सक्रे हे मेलबर्नच्या पश्चिमेचं जुनं कामगार उपनगर. ३० एप्रिल १९७५ रोजी व्हिएतनाममध्ये सायगाव पडलं आणि लाखो माणसं देश सोडून निघाली. २६ एप्रिल १९७६ रोजी पाच व्हिएतनामी तरुणांना घेऊन एक छोटी मासेमारीची बोट ऑस्ट्रेलियाच्या उत्तरेला डार्विनच्या किनाऱ्याला लागली. निर्वासितांची ती इथली पहिली बोट. पुढच्या वर्षांत हजारो कुटुंबं आली, बहुतेक छावण्यांमधून, विमानानं. त्यांतली कितीतरी मेलबर्नला फूट्सक्रे, रिचमंड, स्प्रिंगव्हेल या भागांत स्थिरावली. हातात फारसं काही नव्हतं. पण काय खायचं आणि ते कशासोबत खायचं, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. म्हणून आज या बाजारात पालेभाज्यांचे असे ढीग दिसतात, की डोळे मिटून घ्यावेत आणि वासावरच चालावं.

आई एका ढिगापाशी थांबली. मुळांसकट, मातीसकट बांधलेली हिरवीगार जुडी तिनं उचलली, नाकाशी नेली. "सांबार पाय कसा ताजा हाय, बाई!" बारा वर्षांत या शहरात कोथिंबिरीला सांबार म्हणताना मी कोणाला ऐकलं नव्हतं. मीही कधीच सोडून दिलं होतं. मराठी मंडळाच्या स्वयंपाकघरात सांबार म्हटलं तर लोक इडली शोधतात. दुकानदार बाई आईच्याच वयाच्या. दोघींमध्ये एकही सामाईक भाषा नाही. आईनं दोन बोटं दाखवली, त्यांनी दोन जुड्या पिशवीत टाकल्या आणि वरून मूठभर लाल मिरच्या, फुकट. वर्ध्याच्या बाजारात टाकतात तशाच.

घरी येऊन झिंगे सोलायला बसलो. कोकणातली मैत्रीण कोळंबी म्हणते, आमच्याकडे ते झिंगेच. वर्ध्यापासून समुद्र दूर. लहानपणी ताजे झिंगे यायचे ते नदीचे किंवा धरणाचे, ढिवर बाया टोपलीत आणायच्या तेव्हा. एरवी सुके, वांग्यात घातलेले. पाठीला चीर देऊन काळा धागा काढणं आईला सांगावं लागलं नाही. मी कपाटातून नुओक मामची बाटली काढली. मासळी आणि मीठ यांचे थर मोठमोठ्या लाकडी पिंपांत वर्षभर मुरवून निथळलेलं ते पाणी. फू क्वोक बेटावरचं व्हिएतनामी लोकांत नावाजलेलं. बूच उघडलं आणि मला वाटलं, आई नाक मुरडेल. तिनं वास घेतला आणि म्हणाली, "हा तं आपल्या सुक्या झिंग्याचा वास हाय."

मग गवती चहा. आमच्या वर्ध्याच्या अंगणात नळाजवळ त्याचा थोंब आहे. पावसाळ्यात आई दोन पाती तोडते, गाठ मारून चहाच्या भांड्यात टाकते. थोंबाचा खालचा जाड पांढरा दांडा आमच्या घरात कधी कोणी खाल्ला नाही. व्हिएतनामी स्वयंपाकात नेमका तोच कामाचा. वरचं जून साल काढायचं, खालचा तीन-चार बोटं भाग सुरीच्या पाठीनं ठेचायचा आणि अगदी बारीक चिरायचा. अर्धा किलो झिंग्यांना असे दोन दांडे, चार लसूण पाकळ्या, चमचाभर नुओक माम, थोडी साखर, मिरपूड. पंधरा मिनिटं मुरू द्यायचं. तवा चांगला तापला की एकेका बाजूनं दीड-दोन मिनिटं. करडा रंग गुलाबी झाला आणि झिंगा कोयत्यासारखा वाकला की उतरवायचा. पूर्ण वेटोळं झालं म्हणजे तो वातड झाला.

बाकी सगळं गार. तांदळाच्या बारीक शेवया उकडून थंड पाण्यात धुतलेल्या. गाजर-मुळ्याच्या काड्या अर्धा तास व्हिनेगर, साखर, मिठात. पुदिना, सांबार, जांभळ्या दांड्यांची तुळशीसारखी पानं. भाजून जाडसर कुटलेले फल्लीदाणे. बुडवायला नुओक चाम: दोन चमचे नुओक माम, दोन चमचे लिंबाचा रस, दोन चमचे साखर, सहा चमचे कोमट पाणी, त्यात लसूण आणि लाल मिरची. मध्ये लेट्यूसच्या पानांची परात. वाढायचं कोणी नाही. ज्यानं त्यानं पान हातावर घ्यायचं, हवं ते ठेवायचं, गुंडाळायचं, बुडवायचं.

आईनं पहिला घास घेतला, थांबली. "हा तं घोळाणाच हाय, पानात गुंडाळलेला." खरंच होतं. कोवळी कच्ची मेथी, कांदा, फल्लीदाण्याचं कूट, तिखट, कच्चं तेल: हिवाळ्यात भाकरीसोबत आम्ही हेच खात मोठे झालो. मग बोलणं वर्ध्याच्या मगनवाडीवर गेलं. १९३५ साली गांधीजी तिथे राहत असताना रोजच्या जेवणात कच्चा पाला खाऊन पाहत होते आणि त्याचे गुण 'हरिजन' साप्ताहिकातून सांगत होते. गरिबाच्या ताटात फुकटचं पोषण यावं, ही त्यांची तळमळ. माझी लेक ऐकत होती. वर्धा तिला सुट्टीतलं, उकाड्याचं गाव म्हणून ठाऊक. कोवळ्या पाल्याचा हिवाळा तिनं पाहिलेलाच नाही. त्या दिवशी तिनं आजीकडून घोळाण्याची कृती वहीत लिहून घेतली.

मी इथे आल्यावर कितीतरी वर्षं घरची आठवण आली की भारतीय दुकानात जात होते. तिथे डाळी मिळतात, पापड मिळतात, आणि त्यांचे उपकार मी विसरणार नाही. पण मातीसकट सांबार, गवती चहाचा दांडा, वरून टाकलेल्या मिरच्या मला त्या माणसांच्या बाजारात मिळाल्या, ज्यांना आपलं गाव माझ्यापेक्षा फार कठीण वाटेनं सोडावं लागलं. मी विमानाचं तिकीट काढून आले आणि दर दोन वर्षांनी परत जाते. त्यांच्यातल्या अनेकांना वर्षानुवर्षं परतीची वाटच नव्हती. त्यांनी चव जपली म्हणून माझीही जपली गेली.

वर्ध्याच्या अंगणातला थोंब इथे आणता येत नाही. परदेशी रोपं, माती, बिया यांवर इथल्या विमानतळावर फार कडक नियम आहेत. आईनं त्या दुपारी उरलेले दोन दांडे पेल्यात पाणी घालून खिडकीत ठेवले. मी म्हटलं, दुकानातले ते, कशाला फुटतील? दहा दिवसांत बुडाला पांढरी मुळं आली. जायच्या आदल्या संध्याकाळी तिनं ते मागच्या दाराशी, नळाजवळ लावले. या जानेवारीत त्याचा दोन्ही हातांत मावणार नाही एवढा थोंब झाला आहे. सकाळी मी वरची दोन पाती तोडून चहात घालते, आणि झिंगे आणले की लेक खालून एक दांडा उपटून आणते.