अण्णा साळुंके : पडद्यावरची पहिली तारामती

१/ 'राजा हरिश्चंद्र'साठी दादासाहेब फाळके तारामती शोधत होते. जाहिराती देऊन झाल्या. शरीरविक्रय करणाऱ्या स्त्रियांनीदेखील नकार दिला. अखेर ग्रँट रोडच्या एका उपाहारगृहात त्यांना सडपातळ बांध्याचा, नाजूक हातांचा आचारी दिसला. दरमहा १० रुपयांच्या जागी १५ रुपये ठरले आणि आपल्या पडद्याला पहिली नायिका लाभली : अण्णा साळुंके.

२/ ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये चित्रपट लागला. त्यात जलक्रीडेचा एक प्रसंग आहे. तारामती व तिच्या सख्या ओलेत्याने पाण्यात खेळत आहेत. भारतीय चित्रपटातील शृंगाराचा हा आरंभ. आणि त्या पाण्यात एकही स्त्री नाही.

३/ त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई पडद्यावर आल्या. तरीही १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये सीता साळुंकेच झाले, आणि रामही तेच! राम दिसताच प्रेक्षक पादत्राणे काढीत, असे सांगतात.

४/ मी मंडणगडचा. शिमग्यात आमच्याकडे खेळ्यांबरोबर साडी नेसलेली राधा नाचते. तिच्याविषयी कुणाला गूढ वाटत नाही; दुसऱ्या दिवशी तोच गडी बाजारात भेटतो, त्याचे घर सर्वांना ठाऊक असते. साळुंक्यांच्या वाट्याला हे परिचयाचे सुख आले नाही. इतिहासाने त्यांचा पगार जपला, हातांची नजाकत जपली. आणि 'अण्णा' ही तर नुसती घरगुती हाक.

५/ बालगंधर्वांचे तसे झाले नाही. त्यांच्या साड्यांचे अनुकरण घरोघरी झाले, त्यांचा स्वर ध्वनिमुद्रिकांतून आजही ऐकू येतो. साळुंके मूकपटातले. त्यांचे हालते रूप काही फुटांच्या फितीवर उरले, स्वर मात्र उरला नाही. म्हणूनच ती तारामती पाहताना मन पुनःपुन्हा विचारते : हा माणूस बोलत कसा असेल?

६/ पुढे साळुंके छायालेखक झाले. ज्याच्याकडे सारे पाहत होते, तो कॅमेऱ्यामागे उभा राहून स्वतः पाहू लागला. मला हाच त्यांच्या आयुष्यातला सर्वांत सुंदर प्रसंग वाटतो. मूकपटांच्या बहुतांश फिती नष्ट झाल्या. त्यांबरोबर त्यांची नजरही गेली. आपण जपली ती केवळ त्यांची ओलेती प्रतिमा. गूढ म्हणून आपण जे कुरवाळतो, ती पुष्कळदा आपल्याच बेपर्वाईने पडलेली पोकळी असते.