ट्रम्पेटवाल्या भाच्यास

मूल, जि. चंद्रपूर



नागपूरच्या एका स्टुडिओतून गाण्यात ट्रम्पेट वाजवायला तुला बोलावणं आल्याचं ताईने फोनवर सांगितलं. पोरगं बँड पार्टी सोडणार, ऐन लग्नसराईत हातचं काम जाणार, ही तिची काळजीही त्यासोबत कळली. उपदेश तुला आवडत नाही, म्हणून एका माणसाची हकिगत लिहितो. तुझंच वाद्य वाजवणारा, आधी हॉटेलात गाजलेला आणि मग सिनेमाच्या स्टुडिओत शिरलेला हा माणूस.

आंतोनियो झेवियर वाझ हे त्याचं नाव. जन्म १९१६ सालचा, गोव्यातल्या हळदोण्याचा. तेव्हा गोव्यात पोर्तुगीजांचं राज्य होतं आणि चर्चला जोडलेल्या शाळांमधून पोरांना लहानपणीच व्हायोलिन आणि स्वरलेखन शिकवलं जाई. कागदावरची टिंबं बघून न ऐकलेली चाल वाजवणं ही त्या मुलांना काही मोठी विद्या वाटत नसे. हिंदुस्थानभरच्या हॉटेलांत, पोलिसांच्या बँडांत गोव्याची माणसं भरलेली दिसत, त्याचं कारण हे.

मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात १९३५च्या सुमारास अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय वादकांचे जॅझ बँड येऊ लागले. लिऑन ॲबे आला, ट्रम्पेटवाला क्रिकेट स्मिथ आला, पियानोवाला टेडी वेदरफर्ड आला. त्यांच्याजवळ बसून आणि त्यांच्या तबकड्या झिजवून गोव्याची पोरं तयार झाली. वाझने तर थेट लुई आर्मस्ट्राँगलाच गुरू केलं. तसाच घोगरा आवाज, तसंच उंच पट्टीतलं वाजवणं, तसाच हातात पांढरा रुमाल. लोक त्याला हिंदुस्थानचा लुई आर्मस्ट्राँग म्हणत. पोस्टरवर नाव लागे चिक चॉकलेट, आणि बँडचं नाव म्युझिक मेकर्स. ताजला लागून ग्रीन्स नावाचं हॉटेल होतं, तिथे हा बँड रात्री गाजवायचा. नाचणाऱ्यांना थांबायचं नसेल तर चिकलाही थांबायचं कारण नसे. एकाच चालीवर त्याने कितीही वेळ खेळावं.

मग स्वातंत्र्य आलं. गोरं गिऱ्हाईक बोटी धरून निघून गेलं, आणि मुंबई सरकारने १९४९ साली दारूबंदीचा कायदा केला. दारू नाही तिथे नाच कसला आणि नाच नाही तिथे बँड कशाला? बंदी चांगली की वाईट, हा वाद आपल्या चंद्रपूर-गडचिरोलीकरांना नवा नाही, त्यात मी शिरत नाही. पण हिंदी सिनेमाला त्या काळात एवढे तयार वादक मिळाले, त्यामागे हा कायदाही होता.

चिकला सिनेमात जवळ केलं संगीतकार सी. रामचंद्रांनी. म्हणजे पुणतांब्याचे रामचंद्र नरहर चितळकर. त्यांचं गाणं काही काळ नागपुरात शंकरराव सप्रे यांच्याकडे झालं, म्हणजे निम्मे आपल्याच मुलखातले समज. चितळकर चाल बांधत. गायिकेच्या दोन ओळींमध्ये कोणतं वाद्य कुठे शिरेल, किती वाजेल, कुठे गप्प बसेल, हे ठरवून कागदावर उतरवण्यात चिकचा हात असे. ‘समाधी’ (१९५०) आणि ‘अलबेला’ (१९५१) या सिनेमांतल्या गाण्यांत हे काम स्पष्ट ऐकू येतं. ‘अलबेला’ काढला भगवानदादांनी, तेही जन्माने अमरावतीचे. त्यातलं ‘शोला जो भडके’ नीट ऐक. बोंगो, क्लॅरिनेट, ट्रम्पेट असं सगळं आहे, पण लताबाईंच्या आवाजावर कुणी चढून बसत नाही. ‘दीवाना परवाना’ मात्र कानाबरोबर डोळ्यांनीही ऐक, कारण झालरींचे कपडे घालून खुद्द चिक आणि त्याचा बँडच पडद्यावर उभा आहे.

स्टुडिओतलं वाजवणं हे वरातीतल्यासारखं नसे. पन्नासेक माणसं, हाताच्या बोटांवर मोजण्याइतके माइक, आणि गायकासकट सगळं एका दमात ध्वनिमुद्रित व्हायचं. ट्रम्पेटचा आवाज मोठा, म्हणून ट्रम्पेटवाला माइकपासून लांब, पार मागे. तिथे बसून मिनिटभर ओठ गरम ठेवायचे आणि आपल्या आठ मात्रा आल्या की स्वच्छ सोडायच्या. एक सूर फाटला की सगळ्यांनी पुन्हा पहिल्यापासून. हॉटेलातला राजा इथे आठ मात्रांचा धनी. मला विचारशील तर चिकचं शहाणपण यात, की त्या आठ मात्रा लिहिणाराही तोच झाला.

त्याने स्वतंत्र संगीतही दिलं. ‘नादान’ (१९५१) त्याचाच. त्यातलं तलत महमूदचं गाणं इतकं हळुवार आहे की त्यामागे ग्रीन्सचा धांगडधिंगा करणारा माणूस आहे हे सांगूनही पटत नाही. पण संगीतकार म्हणून गाडी फार पुढे गेली नाही. बहुतेक सिनेमांत तो सहाय्यकच राहिला आणि १९६७ साली, पन्नाशी नुकतीच ओलांडून, गेला. त्याच्याच पिढीतला फ्रँक फर्नांड ट्रम्पेटवरून संयोजनाकडे वळला आणि पुढे ‘आमचें नशीब’ (१९६३) आणि ‘निर्मोण’ (१९६६) हे कोंकणी सिनेमे काढून बसला. दोघांनाही तारलं ते लिहिता येण्याने. ज्यांना फक्त वाजवता येत होतं, त्यांच्या पुढच्या पिढीची जागा सिंथेसायझरने घेतली. डीजेने तुमच्या बँडचं काय केलं ते मी तुला सांगायला नको.

आपल्या झाडीपट्टीत तरी वेगळं काय आहे? वडशाच्या नाटक मंडळांची नाटकं रात्रभर चालतात. तिथले नट परशुराम खुणे यांना २०२३ साली पद्मश्री मिळाली तेव्हा गडचिरोलीत केवढा आनंद झाला, आणि तो रास्तच. पण मंचापुढे बसून पहाटेपर्यंत नाटक ओढून नेणाऱ्या ऑर्गनवाल्यांची, तबलजींची चार नावं सांग म्हटलं तर नाटकाचे पट्टीचे शौकीनही अडखळतील.

तेव्हा नागपूरला जरूर जा. लग्नाच्या धरलेल्या तारखा मोडू नकोस, स्टुडिओवाल्यांना आडवार मागून घे. पैशाचं बोलशील तेव्हाच गाण्याखाली वादकांची नावं येणार का, हेही विचार, आणि एकट्या तुझं नको, सगळ्यांचं विचार. परत आलास की स्टाफ नोटेशन शिकायला बस. त्याच्या फीचं मी बघतो, ताईला सांगू नकोस.

तुझा,
मामा