पुन्हा त्याच पाड्यावर

मानवशास्त्र शिकून बाहेर पडलेली मुलं पहिल्यांदा चक्रावतात ती नोकरीच्या जाहिराती वाचताना. 'मानवशास्त्रज्ञ पाहिजे' असं तिथे कुठेच नसतं. असतं ते 'संशोधन सल्लागार', 'सामाजिक परिणाम तज्ज्ञ', 'युजर रिसर्चर', 'मूल्यमापन अधिकारी'. काम बरंचसं एकच: लोकांत जा, बघा, ऐका, आणि जे कळलं ते ज्याच्या हातात पैसा किंवा सही आहे त्याच्या गळी उतरवा. ही सगळी बिरुदं मी वेगवेगळ्या व्हिजिटिंग कार्डांवर मिरवली आहेत. मी नक्की काय करते हे माझ्या आईला शेवटपर्यंत उमगलं नाही. 'सरकारचं खेड्यातलं काहीतरी' असं शेजारणींना सांगून ती मोकळी व्हायची. तसं फारसं चुकीचंही नव्हतं ते.

मुलं विचारतात, कोणतं कौशल्य शिकू? कोणतं सॉफ्टवेअर? मी म्हणते, आधी एक मुलूख धर. हे उत्तर त्यांना आवडत नाही, कारण ते सीव्हीत लिहिता येत नाही. पण विद्यापीठाबाहेर या विषयावर पोट भरायचं असेल तर माझ्या मते सगळी मेख तिथेच आहे.

मानवशास्त्रज्ञ मॅलिनोव्स्की पहिल्या महायुद्धाच्या काळात ट्रॉब्रियंड बेटांवर दोन खेपांत मिळून दोनेक वर्षं राहिला आणि तेव्हापासून दीर्घ मुक्काम ही आमच्या धंद्याची शपथ झाली. आमच्या टीओआरमध्ये, म्हणजे कामाच्या अटींच्या कागदात, मात्र 'क्षेत्रभेट: पंधरा दिवस' एवढंच असतं. त्यात प्रवास आला, तालुक्याच्या साहेबांची परवानगी आली, एखादा आठवडी बाजार आणि एखादी मयत आली. करारावर सही झाली की एक हप्ता, मसुद्यावर दुसरा, आणि 'अंतिम अहवाल मान्य झाल्यावर' उरलेला. प्रत्येकातून दहा टक्के टीडीएस कापून. मान्य कोण करणार, कधी करणार, हे करारात लिहिण्याची पद्धत नाही.

पंधरा दिवसांत माणसं कळत नाहीत. ती आधीपासून थोडीफार माहीत असतील तरच ते दिवस कामी येतात. म्हणून मी पालघर जिल्ह्यातला जव्हार, मोखाडा, विक्रमगड हा पट्टा सोडला नाही. जिल्हा 2014 साली झाला. मी जायला लागले तेव्हा हे सगळं ठाण्यातच होतं. कधी पाण्याच्या योजनेसाठी गेले, कधी बिनधुराच्या चुलीसाठी, कधी पोषणासाठी, कधी जमिनीच्या मोजणीसाठी. पैसे देणारा दर वेळी नवा, आणि अभ्यास आपल्यापासूनच सुरू झाला अशी त्याची प्रामाणिक समजूत. वाट तीच, पाडे तेच, आणि बरीचशी माणसंही तीच. कुठल्याच पैसे देणाऱ्याने मला वर्षभराचा मुक्काम दिला नाही. तुकड्यातुकड्यांनी तो मी सगळ्यांकडून मिळून वसूल केला.

या वसुलीतून काय कळतं त्याचं एक उदाहरण. या भागातली बरीच कुटुंबं भाताची कापणी उरकली, दिवाळी झाली की भिवंडी-वसईकडच्या वीटभट्ट्यांवर जातात. कातकऱ्यांचे काही पाडे तर निम्म्याहून अधिक रिकामे होतात. पावसाळ्यात घरात दाणा नसताना मुकादमाकडून उचल घेतलेली असते, ती अंगमेहनतीने फेडायची आणि पावसाच्या तोंडावर परतायचं. इकडे सरकारी खात्यांचा आणि संस्थांचा निधी मार्चअखेर संपवायचा असतो. त्यामुळे पाहण्यांची झुंबड उडते ती जानेवारी ते मार्च. म्हणजे ज्यांच्यासाठी योजना आहे ते भट्टीवर, आणि प्रश्नावली भरली जाते ती मागे राहिलेल्या म्हाताऱ्यांची, शिक्षकांची आणि ज्यांचं बरं चाललंय अशांची. मग अहवालात आकडे छान येतात. यात कोणी लबाडी करत नाही. हिशेबाच्या वर्षाची आणि भाताच्या वर्षाची गाठ पडत नाही, एवढंच. दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा, वेगळ्या महिन्यात तिथे गेल्याशिवाय हे दिसत नाही.

पोषणाचं काम आलं तेव्हा प्रश्न तयारच होता. राज्यात 2015 पासून एपीजे अब्दुल कलामांच्या नावाची अमृत आहार योजना आहे: आदिवासी भागातल्या गरोदर आणि स्तनदा मातांना अंगणवाडीत एक वेळचं ताजं, पूर्ण जेवण. बायका तिथे बसून सगळं खात नाहीत, निम्मं घरी नेतात, याला कार्यालयीन कागदात 'गळती' म्हटलं होतं. जनजागृती कमी पडते का ते सांगा आणि भित्तिपत्रकासाठी मजकूर सुचवा, अशी मागणी होती.

अंगणवाडीत दाराशी बसून राहिले. साडेबाराला ताईने वाढलं: भात, डाळ, बटाट्याची भाजी, उकडलेलं अंडं, शेंगदाण्याचा लाडू. सातव्या महिन्यातली एक पोर भात-डाळ-भाजी भराभरा जेवली. अंडं आणि लाडू उचलून तिने स्टीलच्या लहान डब्यात घातलं, झाकण दाबून बसवलं, डबा पदराखाली घेतला. ताईने बघून न बघितल्यासारखं केलं आणि वहीत पूर्ण जेवणाची खूण केली. मी तिच्याबरोबर ओहोळ ओलांडून खालच्या पाड्यापर्यंत गेले. वाटेत तिने मला लोह, प्रथिनं, बाळाचं वजन सगळं नीट सांगितलं. जागृती तिच्याकडे माझ्याहून जास्त होती. मग अंडं का नाही खाल्लंस? ती म्हणाली, "सासूनी पोर धरली म्हणून मी येते ना. तिला काय देऊ मग?"

घरी सासू ओटीवर बसलेली, मांडीवर दीड वर्षाची नात. डबा तिच्या हातात गेला. 'घे' नाही, 'दे' नाही. लाडवाचा तुकडा नातीच्या तोंडात, अंडं सासूच्या.

देण्याघेण्यावर आमच्या शास्त्रात मार्सेल मॉसपासून ढीगभर लिहिलं गेलं आहे, पण साहेबांपुढे मॉसचं नाव काढून उपयोग नसतो. मी लिहिलं की ज्याला तुम्ही गळती म्हणता तो त्या बाईचा अंगणवाडीपर्यंत येण्याचा खर्च आहे. 'स्वतःच खा' असं भित्तिपत्रक लावलं आणि ती सासूला रिकाम्या हाताने सामोरी गेली, तर काही दिवसांनी तिचं येणंच बंद होईल. तान्हं-लहान पोर ताटाजवळ बसवायला जागा करा, आणि लावणीच्या दिवसांत जेवणाची वेळ बदला. बाया सकाळी आठला चिखलात उतरतात, साडेबाराला कोण येणार? पहिली सूचना 'कक्षेबाहेरची' ठरली. दुसरी एका मोठ्या मनाच्या पर्यवेक्षिकेने कुणाला न विचारता आपल्या बीटमध्ये लागू करून टाकली. आमच्या धंद्यात यश साधारण एवढ्याच मापाचं असतं आणि ते कुठल्या अहवालात येत नाही.

हे फक्त खेड्यातलं नाही. 1979 साली ल्यूसी सचमन ही मानवशास्त्राची विद्यार्थिनी झेरॉक्स कंपनीच्या कॅलिफोर्नियातल्या पालो आल्टो इथल्या संशोधन केंद्रात गेली. कंपनीचं नवं यंत्र लोकांना चालवता येत नाही अशी ओरड होती. तिने यंत्रापुढे माणसं उभी करून चित्रण केलं. त्यातल्या एका फितीत दोन नामवंत संगणकशास्त्रज्ञ साध्या प्रती काढताना मेटाकुटीला आलेले दिसतात. गिऱ्हाईक अडाणी आहे म्हणायची सोय त्या फितीने संपवली. तिथेच ज्युलियन ऑर याने यंत्रं दुरुस्त करणाऱ्या मेकॅनिकांचा माग काढला. तो स्वतःही आधी तंत्रज्ञ होता. जेवताना ते एकमेकांना बिघाडांचे किस्से सांगतात, त्या गप्पांतच कंपनीच्या जाडजूड पुस्तिकेत नसलेलं ज्ञान फिरत असतं, हे त्याने दाखवलं. मला यातलं महत्त्वाचं वाटतं ते असं, की सचमन त्या कंपनीत जवळपास दोन दशकं होती. तिचा पाडा म्हणजे ती कंपनीच.

आपल्याकडे इरावती कर्व्यांनी जाई निंबकरांबरोबर कोयना धरणामुळे उठलेल्या माणसांची पाहणी केली, ती 1969 साली डेक्कन कॉलेजने छापली. पुनर्वसनाचा महाराष्ट्राचा पहिला कायदा त्यानंतरचा, 1976 चा. धरण उभं राहून गेल्यावर माणसं मोजायला गेलं की काय दिसतं ते त्या पाहणीत आहे. आता 2013 च्या भूसंपादन कायद्याने सामाजिक परिणामांचा अभ्यास आधी करायला सांगितला आहे, सहा महिन्यांच्या मुदतीत. आमच्यातल्या बऱ्याच जणांची रोजीरोटी त्यावर चालते. त्यातले कितीतरी अहवाल शेजारच्या प्रकल्पाच्या अहवालात गावाचं नाव बदलून तयार होतात, हेही सांगायला हवं.

या अभ्यासात सगळ्यात किचकट काम म्हणजे कुटुंब मोजणं. गणना करणारी पोरं दारात उभी राहून विचारतात, "घरात किती माणसं?" कर्ता पुरुष एक आकडा सांगतो, तो लिहून ती पुढे. मी त्यांना परसात जाऊन चुली बघायला लावते. एका घरात पुढची चूल थोरल्या भावाची निघाली, मधली धाकट्याची, आणि पडवीच्या मागे तीन दगडांवर तिसरी. ती नवऱ्याने टाकलेल्या बहिणीची. भाऊ म्हणाला, "ती आमच्यातच आहे." ती काहीच म्हणाली नाही, फुंकणी घेऊन जाळ करत राहिली. त्या कायद्यात विधवा, घटस्फोटित आणि टाकलेली बाई हे स्वतंत्र कुटुंब धरलं आहे. भावाच्या आकड्यात ती विरून गेली असती. वेगळी चूल म्हणजे वेगळं कुटुंब असं कायदा म्हणत नाही, शिधापत्रिकेसाठीही चुली वेगळ्या मांडल्या जातात, म्हणून नुसत्या चुली मोजूनही भागत नाही. पण कुठे थांबून दुसरा प्रश्न विचारायचा ते चूल बघितल्यावर समजतं.

एकाच मुलखात राहण्याचा त्रासही आहे. तिथे सगळ्यांना 'तू' म्हणतात, साहेबालाही, त्यामुळे प्रश्न सरळ अंगावर येतो: "मागल्या टायमाला लिहून नेलंस, त्याचं काय झालं?" विद्यापीठातल्या माणसाला याचं उत्तर शोधनिबंध दाखवून देता येतं असं मला उगाच वाटत आलं आहे, त्याला विचारलं तर तो नाही म्हणेल. माझ्यापुरता मी असा रिवाज ठेवला की अहवाल कोणाचाही असो, त्याचं एक पानी मराठी टिपण ग्रामसभेत वाचून दाखवायचं आणि तशी अट करारात घालायची. या अटीवर काही कामं गेली. एका कंपनीला टिपणाची हरकत नव्हती, पण मुलाखतींचं मूळ ध्वनिमुद्रण नावांसकट हवं होतं. मी दिलं नाही. शेवटचा हप्ता अजून यायचा आहे, आणि तो धरून हिशेब करायचं मी सोडून दिलं आहे. नव्या मुलांना सांगते, सहा महिने घरभाडं भरता येईल एवढे पैसे बाजूला असल्याशिवाय या धंद्यात तत्त्वं फार काळ टिकत नाहीत.

सध्या मोबाइलवरून पैसे पाठवण्याची सोय करणाऱ्या एका कंपनीशी बोलणं चालू आहे. 'स्थलांतरित मजुरांच्या बचतीच्या सवयी' असा विषय आहे. त्यांना पाड्यावर जाऊन, मार्चच्या आत, तीस मुलाखती हव्या आहेत. मी कळवलंय की मार्चमध्ये पाड्यावर बचत करणारं कोणी नसेल. भट्टीवर जावं लागेल, तेही हिशेब होतो त्या दिवशी, मुकादम वही उघडून उचल वजा करतो तेव्हा. आणि त्या वहीत शेवटी हातात काय उरतं ते बघितल्यावर कदाचित बचत हा विषयच बदलावा लागेल. त्यांचा व्यवस्थापक तरुण आहे, हुशार आहे. त्याने उलट विचारलं, "मॅडम, मुकादम आपल्याला वही दाखवेल का?" हा या वर्षात मला विचारला गेलेला सगळ्यात चांगला प्रश्न. एका मुकादमाच्या आईला मी ओळखते, असं मी त्याला लिहिलं आहे.