माणशी अर्धा एकर

दिवेघाट चढून वर आलं की हवाच पालटते. पुण्याच्या बाजूचा दमटपणा मागे राहतो, उन्हाला कोरडी धार येते आणि समोर पुरंदरचं पठार उघडं पडतं. पश्चिमेकडून येणारे पावसाळी ढग पुरंदर-सिंहगडाच्या डोंगररांगांवर रिते होतात आणि पूर्वेकडे नुसती त्यांची सावली पोचते. त्यामुळे एकाच तालुक्यात पश्चिमेला भातखाचरं आहेत, तर पूर्वेला बाजरी आणि ज्वारीलाही आभाळाकडे डोळे लावावे लागतात. आषाढी वारीत ज्ञानोबांची पालखी याच घाटाने सासवडला येते. वारकरी ओलेचिंब झालेले असतात, आणि पूर्वेच्या गावांत कित्येकदा तेव्हा पेरणीही झालेली नसते.

मी निघालो होतो तो फेब्रुवारीच्या अखेरीला. ज्वारीची काढणी सुरू होती. रस्त्याकडेच्या रानांत बायका कणसं खुडत होत्या आणि कडब्याच्या पेंढ्या बांधून उभ्या केल्या होत्या. दिवे गावाजवळ अंजिराच्या पाट्या मांडून एक मावशी बसल्या होत्या. “मीठा बहार आत्ताच धरलाय फळाला, घ्या,” म्हणाल्या. पुरंदरच्या अंजिराला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळालं, त्याआधीपासून पुण्यामुंबईच्या बाजारात त्याचं नाव होतं. मावशींच्या बागेत मी थोडा वेळ थांबलो. हलकी, मुरमाड जमीन, बुडाशी ठिबकच्या नळ्या, वर रुंद पानांची ठेंगणी झाडं. बहार धरण्याआधी बागेचं पाणी तोडून तिला ताण द्यावा लागतो, मग पाणी सोडलं की फूट येते. ऊसकरी गावात पाणी थांबवणं म्हणजे नुकसान; इथे ते शेतीच्या कसबाचा भाग आहे. सीताफळाचंही तसंच. कमी पाण्यावर तग धरणारी आणि चांगला पैसा देणारी झाडं या मातीने स्वतःच निवडली आहेत असं वाटतं. या भागातल्या काही अंजीर-सीताफळाच्या गावांवर आता विमानतळाच्या भूसंपादनाचं सावट आहे. मावशींना त्याबद्दल विचारलं, तेव्हा त्या नुसत्या मान हलवून पाट्या आवरू लागल्या.

सासवडला कऱ्हेच्या पुलावर उतरलो. आचार्य अत्र्यांचा हा गाव. त्यांनी आपल्या आत्मचरित्राला ‘कऱ्हेचे पाणी’ असं नाव दिलं. त्या दिवशी पात्रात पाणी नव्हतं, डबकी तेवढी होती. काठावर मात्र विहिरींमागून विहिरी, प्रत्येकीवर मोटार. नदीतलं दिसतं पाणी आटलं तरी तिच्या पोटातलं पाणी उपसलं जातच राहतं, हे पुलावरून स्पष्ट दिसतं.

पण ज्यासाठी आलो होतो ते पुढे होतं. सासवड-जेजुरी रस्त्यावर खळद लागतं. ग्रामगौरव प्रतिष्ठानचं काम इथून चालत आलं. १९७२च्या दुष्काळात विलासराव साळुंखे नावाचे पुण्याचे अभियंते आणि उद्योजक या भागात फिरले. दुष्काळी कामांवर हजारो माणसं खडी फोडत होती, रस्ते बांधत होती. मजुरी मिळत होती, पण पुढच्या दुष्काळात याच माणसांना पुन्हा खडीच फोडावी लागणार, हे साळुंख्यांना दिसलं. रस्ता पाणी अडवत नाही. हेच हात आपापल्या शिवारात बांध घालायला लागले तर? या प्रश्नातून १९७४ साली प्रतिष्ठान उभं राहिलं. साळुंखे दुसऱ्यांना सांगून थांबले नाहीत. नायगावात त्यांनी देवस्थानची चाळीस एकर पडीक जमीन दीर्घ मुदतीच्या भाडेपट्ट्याने घेतली आणि तिथे स्वतः राबायला सुरुवात केली.

खळदहून पूर्वेकडे वळलं की रस्ता अरुंद होतो आणि झाडं विरळ होत जातात. नायगावच्या शिवारातला तो उतार मी पायी फिरलो. जमिनीकडे बघितल्यावर साळुंख्यांच्या धाडसाची कल्पना येते. वरती माळ, त्याखाली जेमतेम वीतभर माती आणि तिच्याखाली मुरूम व काळा कातळ. पाऊस वर्षाकाठी ५०० मिलिमीटरच्या आतबाहेर, तोही मोजक्या दिवसांत धोधो पडून वाहून जाणारा. त्यांनी काय केलं ते उतारावर उभं राहिलं की नीट समजतं. समपातळीत बांध घालून धावणारं पाणी जागोजागी थांबवलं. पिकाच्या लायकीची नसलेली जमीन झाडांना आणि गवताला दिली. उताराच्या पायथ्याशी पाझर तलाव केला आणि तलावाच्या खाली विहीर खोदली. तलावात साठलेलं पाणी मुरमातून झिरपून विहिरीत यायचं, तिथून ते पंपाने पुन्हा वरच्या रानात चढवायचं. तलाव उघडा असतो, उन्हाने आटतो. जमिनीत मुरलेलं पाणी तितकं आटत नाही. कातळाच्या प्रदेशात पाणी साठवायची सगळ्यात भरवशाची जागा जमिनीच्या पोटात आहे.

इथवरचं सगळं तंत्र झालं, आणि ते अनेक ठिकाणी पाहायला मिळतं. पाणी आल्यावर ते कोणाचं, या प्रश्नाला दिलेलं उत्तर मात्र मला आजही थक्क करतं. साळुंख्यांच्या या चळवळीने, म्हणजे पाणी पंचायतीने, ठरवलं की पाण्याचा हक्क जमिनीला नाही, माणसाला मिळेल. घरात जितकी माणसं तितके अर्धे एकर, आणि एका कुटुंबाला जास्तीत जास्त अडीच एकरांपुरतं पाणी. कोणाची वीस एकर असोत की तीन, मोजणी घरातल्या डोक्यांची. जमीन विकली तरी पाण्याचा हक्क तिच्यासोबत विकला जाणार नाही. तो परत योजनेतल्या सभासदांच्या गटाकडे येईल. ज्याच्याकडे जमीनच नाही त्यालाही पाण्याचा वाटा. त्याने तो दुसऱ्याच्या रानात वाट्याने शेती करून वापरावा. आणि ऊस लावायचा नाही, कारण एकाच्या उसाने दहा घरांची ज्वारी सुकते. योजना गटाचीच असेल, एकट्यासाठी नाही. खर्चातला वीस टक्के वाटा सभासदांनी आधी भरायचा, पन्नास टक्के सरकारी अनुदान आणि उरलेले तीस टक्के प्रतिष्ठानचं बिनव्याजी कर्ज. पाणी वाटायला गटानेच पाटकरी नेमायचा.

बांधावरच्या लिंबाखाली एक वयस्कर शेतकरी भेटले. त्यांच्या वडलांनी गटात नाव घातलं तेव्हा ते शाळेत होते.

“बाबा, भांडणं व्हायची नाहीत का?” मी विचारलं.

“व्हायची की,” ते म्हणाले. “आमच्या घरात आठ माणसं, पाणी मात्र पाचांचंच. आई म्हणायची, बाकीच्या तिघांनी काय वारा खायचा? पण शेजारी ज्याचं अख्खं रान खाली होतं, विहिरीला लागून, त्यालाबी पाचांचंच. मग कुणाला बोलायचं? पाटकरी आला की मुकाट्यानं दार फिरवायचं.”

“आणि आता?”

त्यांनी दूरच्या एका चौकोनाकडे बोट दाखवलं. काळ्या प्लास्टिकच्या कापडात अडवलेलं शेततळं उन्हात चमकत होतं. “आता ज्याच्या बोअरला पाणी त्याचं रान.”

अशी शेततळी पुढे वाटेत बरीच दिसली. पावसाचं वाहतं पाणी धरायला शेततळं उत्तम. पण यातली कित्येक विहीर आणि बोअरमधून उपसून भरली जातात. जमिनीखाली सगळ्यांचं असलेलं पाणी वर येऊन एकाच्या कुंपणात जातं आणि तिथे चार महिने उन्हात आटत राहतं. सरकारी अनुदानातून हे होत असेल तर ती चूक आहे, असं माझं ठाम मत आहे. मुरलेलं पाणी उपसून उघड्यावर साठवणं म्हणजे नायगावच्या उतारावरचा धडा उलटा गिरवणं.

पुरंदर उपसा सिंचन योजनेचे मोठे नळही या भागात आलेत. त्यातून मुळा-मुठेचं पाणी पठारावर चढतं, म्हणजे पुणेकरांनी वापरून सोडलेलं पाणी. एका ओढ्याशी थांबून पाहिलं, पाण्यावर फेस होता आणि वास होता. तरी ते आलं म्हणून लोक खूश होते, आणि त्यांना नावं ठेवायचा मला अधिकार नाही. ज्याच्या रानाने चार दुष्काळ पाहिले त्याला पाण्याचा रंग नंतर दिसतो. पण जिथे हे पाणी पोचलंय तिथे उसाचे हिरवे पट्टे उठलेले दिसतात, आणि दोन वाड्या पलीकडे टँकरची वाट पाहणारे हंडे रांगेत असतात. पाणी वाढलं, वाटणीचा नियम मात्र विरत गेला.

पाणी पंचायतीच्या अनेक योजना काळाच्या ओघात थंडावल्या. विजेचा खर्च वाढला, पंप जुने झाले, तरुण पोरं जेजुरीच्या औद्योगिक वसाहतीत नाही तर पुण्याला गेली, ज्याची ऐपत त्याने स्वतःची विहीर पाडली. साळुंखे २००२ साली गेले. तरीही त्यांचा विचार फसला असं मला वाटत नाही. गट मोडला तो बहुतेक ठिकाणी बाहेरून सोपं, एकट्याचं पाणी मिळू लागल्यावर. महाराष्ट्राने २००५ साली पाणी वापर संस्थांचा कायदा केला, पण त्यातला हक्क कालव्याखालच्या जमीनधारकाचा आहे. भूमिहीन मजुराला पाण्यात वाटा देण्याची हिंमत नायगावच्या माळावर झाली, ती कायद्याच्या पुस्तकात अजून यायची आहे.

संध्याकाळी जेजुरीच्या वाटेला लागलो. नाझरे धरणाचा फुगवटा उजाड डोंगरांमधून दिसत होता आणि गडावरचे दिवे लागत होते.

दुष्काळी पट्ट्यात तुमचं गाव असेल, आणि तिथे पाझर तलाव, उपसा योजना किंवा नवा बंधारा होणार असेल, तर पहिलं आवर्तन सुटण्याआधी ग्रामसभा बोलवा. पाणी एकराला द्यायचं की माणसाला, उसाला किती आणि ज्याच्याकडे जमीन नाही त्याला किती, हे त्या सभेत ठरवून इतिवृत्तात लिहून घ्या. एकदा मोटारी बसल्या की ही चर्चा कोणी ऐकत नाही.