मेलरोजचा भग्न मठ

एडिंबरोहून सकाळी निघालेली आमची लहानशी बस ट्वीड नदीच्या खोऱ्यात उतरली. आम्ही अवघे बारा प्रवासी. मेलरोजच्या मठाच्या लालसर भिंती दिसल्या आणि मला वसईचा किल्लाच आठवला: तेच छपराविना उभे दगड, खिडक्यांतून आरपार दिसणारे तेच आकाश.

राजा पहिला डेव्हिड याने ११३६ साली सिस्टर्शियन संन्याशांसाठी हा मठ स्थापला. रॉबर्ट ब्रूस राजाचे हृदय जिथे पुरले आहे ती शिळा वाटाड्याने दाखवताच सारे तिकडे धावले. छपराच्या कडेला बॅगपाइप वाजवणारे दगडी डुक्करही सर्वांना फार आवडले. (संन्याशांनाही हसू येत असे, हे आपण उगाच विसरतो.) वेदीच्या जागेकडे मात्र कोणी फिरकले नाही.

भग्न मठ पाहिला की आपण कॅथलिक लगेच १५६० च्या धर्मसुधारणेकडे बोट दाखवतो. परंतु १३८५ साली दुसऱ्या रिचर्डच्या ज्या इंग्रज सैन्याने मेलरोज जाळले, ते सैनिकही मिस्सेला जाणारेच होते! स्तोत्रे तीच, लॅटिनही तेच. पोप तेवढे दोन. इंग्लंडचा रोममध्ये, स्कॉटलंडचा आव्हिन्यो येथे. एकमेकांना पाखंडी ठरवायला तेवढे पुरेसे झाले.

वेदीच्या जागी उभा राहून मी दुपारची प्रार्थना म्हटली. जळालेल्यांसाठी आणि जाळणाऱ्यांसाठीही. मागे वळलो तो वाटाड्या टोपी हातात घेऊन उभा. बस दहा मिनिटे उशिरा सुटली. कोणी कुरकुर केली नाही.