मॅगीची ट्रंक

मार्गारेट माहर, म्हणजेच मॅगी, आयर्लंडच्या टिपरेरी भागातली. दुष्काळानंतरच्या वर्षांत तिकडची माणसं घरंच्या घरं उचलून बोटीत बसली आणि अमेरिकेला गेली, त्यांतलंच तिचंही एक घर. 1869 साली मॅसॅच्युसेट्समधल्या ॲमहर्स्ट गावी वकील एडवर्ड डिकिन्सन यांच्याकडे ती कामाला राहिली आणि पुढची तीस वर्षं तिथेच होती. धुणं, इस्त्री, चुलीतली राख काढणं, आल्यागेल्याला दार उघडणं. दार उघडायला दुसरं कुणी फारसं नव्हतंच. घरातल्या दोन मुलींपैकी थोरली, एमिली, हळूहळू लोकांसमोर येईनाशी झाली होती. पाहुणा दिवाणखान्यात बसलेला असायचा आणि ही अर्धवट उघड्या दाराआडून त्याच्याशी बोलायची. मॅगीपासून मात्र तिला कसला आडपडदा नव्हता. दोघींचा निम्मा दिवस एकाच स्वयंपाकघरात जायचा.

मॅगीची एक ट्रंक होती. परक्या घरी राबणाऱ्या बाईचं स्वतःचं म्हणून जे काही असतं ते असल्या ट्रंकेत मावतं. एमिलीने आपल्या कवितांच्या वह्या त्या ट्रंकेत ठेवायला दिल्या होत्या. वह्या म्हणजे काय, तर घडी घातलेले कागद एकावर एक ठेवून कडेने सुईदोऱ्याने टाचलेले. अशा चाळीस. ‘माझ्यामागे हे सगळं जाळून टाक,’ असंही तिने मॅगीला सांगून ठेवलं होतं म्हणतात. डिकिन्सनांच्या घरच्या नोकरमाणसांवर ईफा मरे या लेखिकेने ‘मेड ॲज म्यूझ’ नावाचं अख्खं पुस्तक लिहिलं आहे, त्यात ही हकीकत येते. 1886 च्या मे महिन्यात एमिली गेली. मॅगीने काही जाळलं नाही.

आपण ऐकलेली गोष्ट यापेक्षा सुबक असते. धाकटी बहीण लॅव्हिनिया थोरलीची खोली आवरायला घेते, शब्द दिल्याप्रमाणे पत्रं जाळते, आणि मग तिच्या हाती कवितांचं घबाड लागतं. ही गोष्ट खोटी आहे असं मी म्हणत नाही. जवळजवळ अठराशे कवितांचे कागद एकाच ठिकाणी असतील असंही नाही. पण या गोष्टीत स्वयंपाकघर नाही. पांढऱ्या झग्यातली, खोलीत कोंडून घेतलेली, कुणा अज्ञात माणसासाठी झुरणारी योगिनी ही प्रतिमा टीकाकारांनी इतकी जपली, की पाव भाजणारी बाई तिच्यात मावेना. वडील तिच्या हातचा सोडून दुसरा पाव खात नसत. 1856 साली गावच्या गुराढोरांच्या प्रदर्शनात तिच्या राई आणि मक्याच्या पावाला दुसरं बक्षीस मिळालं, आणि पुढच्या वर्षी ती त्याच स्पर्धेच्या परीक्षकांत होती. योगिनीला पावाच्या स्पर्धेत परीक्षक म्हणून कोण बोलावतं?

तिची मावसबहीण लुईझा हिने पुढे लिहून ठेवलंय, की एमिली कोठीघरात दुधावरची साय काढता काढता कविता रचायची. ती जागा थंड, शांत. दाराशी बसलेल्या लुईझाला ती ताज्या ओळी वाचूनही दाखवायची. हाताशी जो कागद असेल त्यावर लिहायचं. नारळाच्या केकची कृती लिहिलेल्या कागदाच्या पाठीवर कविता आहे, चॉकलेटच्या वेष्टणावर आहे, उलगडून सपाट केलेल्या पाकिटांवर तर कितीतरी आहेत. पाकिटाच्या त्रिकोणी झडपेवर लिहिलेल्या ओळी टोकाकडे अरुंद होत जातात. जागा संपली की शब्द आडवा वळतो. मोठ्या माणसाचं अक्षर इतकं हाताला येईल तिथे बसलेलं मी दुसरीकडे पाहिलेलं नाही.

आता थोडा हिशेब. तिच्या कवितांवर तारखा नाहीत. हस्ताक्षर आणि कागद पाहून अभ्यासकांनी त्या वर्षावार लावल्या. त्या हिशेबाने 1863 मध्ये तिने जवळजवळ तीनशे कविता लिहिल्या. 1865 मध्ये सव्वादोनशेच्या वर. आणि 1866 मध्ये? दहा. पुढची तीन वर्षंही तशीच, दहा-बारा, दहा-बारा. झरा असा एकाएकी का आटला यावर पुष्कळ लिहून झालंय. यादवी युद्ध संपलं होतं. डोळ्यांचं दुखणं काढण्यासाठी दोन वर्षं बोस्टनच्या वाऱ्या झाल्या होत्या. कार्लो नावाचा तिचा लाडका कुत्रा मेला. प्रेमभंगाची नावं तर हवी तितकी मिळतील.

या सगळ्यात एक साधी गोष्ट बरीच वर्षं कुणाला सुचली नाही. मॅगीच्या आधी त्या घरात मार्गारेट ओब्रायन नावाची दुसरी आयरिश बाई होती. 1865 च्या शरदात तिचं लग्न झालं आणि ती काम सोडून गेली. कायमची कामाला राहील अशी दुसरी बाई त्या घराला साडेतीन वर्षं मिळाली नाही. मिळाली ती मॅगी. ती आल्यावर, 1870 पासून, कवितांचा आकडा पुन्हा वर सरकू लागतो, जुन्या उंचीला पोचत मात्र नाही. मी हे एकच कारण धरून बसत नाही. पण ज्या घरात सकाळी सातला ‘आज बाई आली नाही’ हे वाक्य उमटतं, त्या घरातल्या कुठल्याही लिहित्या बाईला हा तक्ता समजावून सांगावा लागणार नाही. मोठमोठ्या प्राध्यापकांना तो दिसला नाही, कारण त्यांच्या घरी बाई आली नाही तरी त्यांचं टेबल पुसलेलंच असायचं.

मरताना एमिलीने ही बाजू चोख ठेवली. तिची शवपेटी खांद्यावरून न्यायला तिने सहा आयरिश माणसं सांगून ठेवली होती. सगळी त्यांच्या घरी, शेतात, तबेल्यात राबलेली. त्यांच्यात पुढे होता टॉम केली, मॅगीच्या बहिणीचा नवरा. गावातले मानकरी होते, पण प्रेताचा भार या सहाजणांच्या खांद्यावर. पुढच्या दारातून नाही, मागच्या दारातून, कोठाराच्या आतून, शेताशेतांतून ती स्मशानात गेली. नोकरमाणसं रोज जात-येत तीच ती वाट.

पुढे कवितांचं काय झालं ते सरळ सांगतो. जिवंतपणी तिच्या जेमतेम दहा कविता छापल्या गेल्या, त्याही नावाविना. 1890 साली मेबल लूमिस टॉड आणि टॉमस हिगिन्सन यांनी पहिला संग्रह काढला. ओळीत जागोजागी येणारी तिची आडवी रेघ, तिची मोडलेली यमकं त्यांनी नीट ‘दुरुस्त’ केली, आणि पुस्तक धडाधड खपलं. टॉडबाई हुशार, अतोनात कष्टाळू. शेकडो कविता त्यांनी स्वतः उतरवून काढल्या, याचं श्रेय द्यायलाच हवं. पण एमिलीच्या भावाशी त्यांचं प्रकरण होतं. भाऊ वारल्यावर जमिनीच्या एका पट्ट्यावरून त्यांच्यात आणि लॅव्हिनियात कोर्टबाजी झाली. 1898 मध्ये लॅव्हिनिया जिंकली. मॅगीने तिच्या बाजूने साक्ष दिली होती. टॉडबाईंनी आपल्याकडच्या कविता आणि कागद एका कापराच्या लाकडाच्या पेटीत घातले आणि कुलूप लावलं. त्यातल्या सहाशेवर कविता त्यांच्या मुलीने छापल्या तेव्हा 1945 साल उजाडलं होतं. विदुषीच्या पेटीत कविता जवळजवळ अर्धं शतक अडकून पडल्या. कामवालीच्या ट्रंकेतून त्या वेळेवर बाहेर आल्या.

ट्रंकच नसली तर काय होतं त्याचेही दाखले अमेरिकेत आहेत. फिलिस व्हीटली सात-आठ वर्षांची असताना पश्चिम आफ्रिकेतून पकडून बोस्टनच्या बंदरात विकली गेली. ज्या गुलामांच्या जहाजातून ती आली त्याचं नाव ‘फिलिस’, तेच तिला चिकटवलं. विकत घेणाऱ्या घरात तिला लिहायला-वाचायला शिकवलं गेलं, आणि 1773 मध्ये लंडनला तिचं पुस्तक निघालं. या कविता एका काळ्या मुलीनेच लिहिल्या आहेत अशी ग्वाही देणारं बोस्टनच्या अठरा प्रतिष्ठितांचं पत्र त्या पुस्तकाला जोडावं लागलं. पुढे ती गुलामीतून सुटली, लग्न केलं, आणि हालाखीत 1784 साली, जेमतेम तिशी ओलांडून, गेली. दुसऱ्या संग्रहाची जाहिरात तिने पाच वर्षं आधीच दिली होती. वर्गणीदार जमले नाहीत, आणि ते हस्तलिखित आजतागायत सापडलेलं नाही.

कवयित्री लुसिल क्लिफ्टन यांच्या आईची गोष्ट तर आपल्या काळाच्या किती जवळची. थेल्मा त्यांचं नाव. त्या कविता लिहीत. छापण्याची संधीही चालून आली होती. नवरा नको म्हणाला. तेव्हा त्यांनी सगळ्या कविता तळघरातल्या भट्टीत टाकल्या, आणि लहानगी लुसिल ते पाहत उभी होती. ती लुसिल पुढे सहा मुलांची आई झाली, 1969 साली पहिला संग्रह काढला, आणि 2000 मध्ये नॅशनल बुक अवॉर्ड मिळवलं. कविता इतक्या आखूड का, असं कुणी विचारलं की त्या मुलांकडे बोट दाखवत: पोरांच्या गोंगाटात डोक्यात टिकतील तेवढ्याच ओळी.

पण मला खरं तर लोरीन निडेकरबद्दल बोलायचं होतं. ॲमहर्स्टला कवयित्री एक आणि कामवाली दुसरी. विस्कॉन्सिनमधल्या फोर्ट ॲटकिन्सनला दोघी एकच होत्या.

लोरीन 1903 मध्ये जन्मली. गावाबाहेर, रॉक नदी कोशकोनाँग सरोवराला मिळते तिथे ब्लॅकहॉक आयलंड नावाची दलदलीची जमीन आहे. दरवर्षी नदी फुगली की पाणी दाराशी. बाप जाळी टाकून कार्प मासे धरायचा, आई ठार बहिरी झालेली. 1931 च्या सुरुवातीला तिने ‘पोएट्री’ मासिकाचा एक अंक वाचला, त्याचा संपादक लुई झुकॉफ्स्की याला न्यूयॉर्कला पत्र घातलं, आणि तो पत्रव्यवहार जन्मभर चालला. पोटासाठी तिने ग्रंथालयात काम केलं, मग ‘होर्ड्स डेअरीमन’ या गवळीधंद्याच्या मासिकात मुद्रितं तपासली. (ही अमेरिकन कविता दुधाला सोडायला तयार नाही.) डोळे आधीपासूनच अधू. ते काम सुटलं, आणि 1957 ते 1963 ती गावच्या इस्पितळात साफसफाईला होती. फरशा पुसायच्या, भांडीकुंडी विसळायची, आणि घरी येऊन एका लहानशा खोपटात चार-पाच ओळींची कविता महिनोन्‌महिने घासत बसायचं. कविता पुरती कोरडी होईपर्यंत ती शब्द काढत राही.

बरोबरीने काम करणाऱ्या बायकांना ती कवयित्री आहे याचा पत्ता नव्हता. पहिलं पुस्तक 1946 चं, दुसरं 1961 चं, आणि ते छापलं एडिंबरातल्या एका छोट्या छापखान्याने. साता समुद्रापार चारदोन माणसं तिला थोर मानत होती, आणि इकडे ती इस्पितळात झाडू मारत होती.

अशा कष्टांनीच तिची कविता इतकी घट्ट झाली, असं लिहिणारे समीक्षक आहेत. मजुरीने कविता पिकते असं म्हणणारी माणसं सहसा मजुरी करत नाहीत. लोरीनचा स्वतःचा हिशेब उलट बोलतो. 1963 मध्ये तिने अल मिलेन या रंगाऱ्याशी लग्न केलं, नोकरी सोडली, मिलवॉकीला राहायला गेली. हाताशी वेळ आला. 1966 मध्ये नवऱ्याबरोबर तिने लेक सुपीरियरला मोटारीने प्रदक्षिणा घातली. खडकांचा, खनिजांचा, जुन्या प्रवाशांचा अभ्यास करून टिपणांची पानं शेकड्यात गेली, आणि त्यातून कविता उरली ती काही पानांची. तिचं सर्वांत मोठं काम या सात वर्षांतलं. एमिलीला जो वेळ दोन मार्गारेटींनी दिला, तो लोरीनला साठीच्या तोंडावर मिळाला आणि लवकर संपला. 1970 च्या 31 डिसेंबरला ती गेली. मागे राहिलेले बरेच कागद तिच्या सांगण्यावरून नवऱ्याने जाळले. त्याने तिचं ऐकलं. मॅगीने एमिलीचं ऐकलं नव्हतं. दोघांपैकी कुणाचं बरोबर हे ठरवायला मला जमत नाही, पण वाचक म्हणून मी मॅगीच्या बाजूचा आहे.

निडेकरच्या समग्र कवितांचं एकत्र पुस्तक जेनी पेनबर्थी यांनी संपादित केलं, 2002 साली, ती गेल्यानंतर बत्तीस वर्षांनी. डिकिन्सन आपल्याकडे ठाऊक आहे. निडेकर फारशी कुणी वाचलेली दिसत नाही. इंग्रजी वाचणाऱ्यांनी ते पुस्तक मिळवावं, आणि मराठीत अनुवाद करणाऱ्या कुणी तिच्यातल्या निदान वीस-पंचवीस कविता हाती घ्याव्यात. त्या आखूड आहेत. कुकरच्या दोन शिट्ट्यांच्या मध्ये एक वाचून होते.