ट्रॅक्टर सोडवण्याआधी

नांदेड

चि. भाऊस,

काल फोनवर तुझा आवाज भरून आला होता, म्हणून सविस्तर लिहिते. वाळू नेताना धरलेला ट्रॅक्टर तहसीलच्या आवारात उभा, बँकेचा हप्ता डोक्यावर आणि पेरणी तोंडावर. घालमेल होणारच. तरी 'आजच सोडवून देतो' म्हणणाऱ्या त्या माणसाला एक रुपयाही देऊ नकोस. त्याच्या पैशाला पावती नसते आणि कागदावरचं प्रकरण तसंच राहतं. रात्री आवारातून गाडी काढून आणायचा विचार तर मनातही आणू नकोस. त्याचा वेगळा गुन्हा होईल.

आधी पंचनाम्याची आणि जप्तीच्या आदेशाची नक्कल लेखी अर्ज देऊन माग. गाडी महसूलने धरली की पोलिसांनी, यावर पुढचं सगळं ठरतं. पथक महसूलचं होतं असं तू म्हणतोस. मग जमीन महसूल संहितेचं कलम 48 लागतं, आणि त्यात दोन वेगवेगळ्या गोष्टी आहेत. वाळूचा दंड बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत असतो. अधिकार दिलेला असेल तर तो तहसीलदार लावू शकतात. गाडी मात्र जप्तीपासून 48 तासांत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा त्यांनी नेमलेल्या, निदान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे हजर करायची असते. ठरलेला दंड आणि वैयक्तिक जातमुचलका घेऊन ती सोडायचा अधिकार त्यांचा आहे. तेव्हा तुझी गाडी त्यांच्यापुढे कधी ठेवली, ठेवली का, हेच पहिल्या अर्जात विचार. तारीख आणि वेळ दोन्ही माग. इथे चूक निघाली तर उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात जाताना तोच आपला पहिला मुद्दा असेल.

2018 च्या नियमांप्रमाणे ट्रॅक्टरचा दंड एक लाख आहे. ब्रासभर वाळूसाठी शेतकऱ्यावर एवढा बोजा मला जड वाटतो, पण कायदा आज असा आहे. भरायचीच वेळ आली तर 'आरोप अमान्य, अपिलाचा हक्क राखून' असं अर्जात लिहून भर आणि चलन जपून ठेव. जिल्हाधिकाऱ्यांच्या खालच्या अधिकाऱ्याने दिलेल्या आदेशावर अपिलाला 60 दिवस असतात. अपील कलम 247 खाली होतं. मुदत गेली तर खरी बाजूही लंगडी पडते.

पोलिसांत चोरीचा गुन्हा नोंदवून त्यांनी गाडी ताब्यात घेतली असेल, तर सुपूर्दनाम्याचा अर्ज कोर्टात करायचा. फौजदारी प्रक्रिया संहितेतली जुनी 451 आणि 457 ही कलमं आता नागरिक सुरक्षा संहितेत 497 आणि 503 झाली आहेत. सुंदरभाई देसाई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्येच सांगितलंय की वाहनं ठाण्यात कुजत ठेवू नयेत. फोटो, पंचनामा आणि हमी घेऊन ती लवकर परत द्यावीत.

आता तुला विचारायलाच हवं असं एक. टायर पंक्चर झाल्यामुळे वाहतूक पासाची वेळ टळली असं तू सांगितलंस. ते खरं असेल तर मी शेवटपर्यंत तुझ्या बाजूने उभी राहीन. पण ती त्याच पासावरची दुसरी खेप असेल तर आत्ताच सांग. तसं असेल तर दंड भरू, पण खोटं प्रतिज्ञापत्र मी लिहिणार नाही. मांजरेच्या काठावरच्या विहिरींसाठी वाळू पाणी धरून ठेवते, हे तुला माझ्यापेक्षा जास्त कळतं. पात्र खरवडलं की पहिली कोरडी पडते ती आपल्यासारख्याचीच विहीर. म्हणून पथकाने गाड्या तपासाव्यात, असंच मला वाटतं. फक्त तपासताना त्यांनी कायद्याची वेळ आणि पायरी पाळावी, एवढंच मागणं आहे.

शनिवारी नांदेडला ये. आरसी बुक, विमा, कर्जाचा उतारा आणि पासाची प्रत घेऊन ये. पंक्चर काढणाऱ्याची पावती नसेल तर त्याला फोनवरून पैसे दिल्याची नोंद चालेल. अर्ज सोमवारी दाखल करू.

तुझी,
अक्का